स्वप्नसृष्टीतील अवशेषांविषयी मित्रास पत्र

प्रिय मित्रा,

सप्रेम नमस्कार.

तुझ्या कादंबरीची पहिली प्रकरणे वाचून झाली. माणसांची स्वप्ने पहाटे मातीत उतरतात आणि शतकांनंतर उत्खननात मूर्ती, मुद्रा, कलश होऊन सापडतात, ही कल्पना मला अतिशय भावली. मात्र अवशेषगृहाची रक्षिका एका मंत्रासरशी भंगलेला कलश पूर्ववत करते, तिथे मी थबकलो. त्या कलशाचा सारा इतिहास त्याच्या भेगेत होता, आणि तीच बुजली.

जिथे निव्वळ तर्क सुरू होतो तिथे जीर्णोद्धाराने थांबावे आणि नव्याने भरलेला भाग मूळ भागाशी सुसंगत असूनही वेगळा ओळखू यावा, असे स्मारकांच्या जतनाविषयीच्या १९६४ च्या आंतरराष्ट्रीय व्हेनिस सनदेत म्हटले आहे. हाच दंडक तू रक्षिकेला घालून दे. तिने मंत्राने भरलेला तुकडा किंचित निराळा उजळावा, आणि तो मंत्र उलट म्हणून काढूनही घेता यावा, कारण पुढच्या रक्षकांना कदाचित तिच्यापेक्षा अधिक कळलेले असेल.

उत्खननाच्या प्रसंगाविषयी तर मला बरेच सांगायचे आहे. चीनच्या पहिल्या सम्राटाच्या समाधीजवळील मृण्मय सैनिकांवरचे रंग मातीच्या ओलाव्यात दोन हजारांहून अधिक वर्षे तग धरून होते. पण ते बाहेर काढताच कोरड्या हवेने रंगाखालचे रोगण आकसले आणि काही मिनिटांत त्याचे पापुद्रे सुटू लागले. तुझ्या जगात ती कोरडी हवा म्हणजे जागेपणा असू दे. जाग्या माणसाची नजर पडताच स्वप्नाचा रंग उडत असेल, तर खणणाऱ्यांनी अर्धवट झोपेतच खणले पाहिजे. आणि झोपेत खणणाऱ्याचे स्वतःचे स्वप्न त्या अवशेषात मिसळण्याचे भय कायम राहील. हा पेच मला कोणत्याही युद्धप्रसंगापेक्षा अधिक थरारक वाटतो.

प्रेक्षकांचेही तसेच. फ्रान्समधील लास्को गुहेतील चित्रांना पाहुण्यांच्या श्वासातील बाष्प आणि कार्बन डायऑक्साइड बाधले, भिंतींवर शेवाळ धरले, म्हणून १९६३ मध्ये ती गुहा लोकांसाठी बंद झाली आणि १९८३ पासून जवळच तिची प्रतिकृती दाखवली जाऊ लागली. तुझ्या अवशेषगृहातही भाविकांची स्वप्ने मूळ मूर्तीवर अशीच साचत जावीत आणि रक्षिकेला तिची छायाप्रतिमा पुढे ठेवावी लागावी. लोक रुष्ट होतील, आणि त्यांचा रोष खोटा नसेल.

मंत्राला काळही लागू दे. १६२८ मध्ये बुडालेले स्वीडनचे ‘वासा’ जहाज १९६१ मध्ये वर काढल्यावर लाकूड वाळताना आकसून तडकू नये, त्यातील पाण्याची जागा पॉलिएथिलीन ग्लायकॉल या मेणासारख्या रसायनाने घ्यावी म्हणून त्यावर सतरा वर्षे फवारणी चालली. तुझा मंत्रही एका रक्षिकेने आरंभावा आणि तिच्या शिष्येच्या शिष्येने पुरा करावा.

कलशाच्या प्रकरणाचा नवा खर्डा झाला की अवश्य पाठव. ज्याचे स्वप्न होते त्याचा वंशज येऊन ते परत मातीत पुरण्याची मागणी करू लागला, तर रक्षिका काय करील, हेही त्यात यावे अशी माझी इच्छा आहे.

तुझा स्नेहांकित