भुताहून वर्गशिक्षकाची भीती मोठी

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत शालेय पार्श्वभूमीवरील भयपटांविषयी आलेल्या लेखात ‘व्हिस्परिंग कॉरिडॉर्स’ या दक्षिण कोरियातील चित्रपटाची ‘सूड घेणाऱ्या भुताचा आणखी एक चित्रपट’ एवढ्याच शब्दांत बोळवण केली असून, असे चित्रपट शाळकरी मुलांना दाखवू नयेत, असा सल्ला पालकांना दिला आहे. लहान मुलांपुरता तो योग्यच आहे. चित्रपटात रक्तपात आहे आणि आत्महत्याही आहे. परंतु यातील भूत कोणावर आणि कशासाठी सूड उगवते, याचा लेखात साधा उल्लेखही नसावा, हे एक निवृत्त शिक्षिका या नात्याने मला खटकले.

पार्क की-ह्योंग यांनी दिग्दर्शित केलेला हा चित्रपट १९९८ मध्ये प्रदर्शित झाला. मुलींच्या एका हायस्कूलमधील श्रीमती पार्क या शिक्षिका रात्री शाळेत एकट्याच बसून जुन्या तुकड्यांचे अल्बम चाळत असतात, आणि ९ वर्षांपूर्वी शाळेतच मरण पावलेली जिन-जू त्यानंतरही वेगवेगळ्या नावांनी वर्गात बसत आली आहे, हे त्यांच्या लक्षात येते. ही गोष्ट त्या घाईघाईने फोनवर जिला सांगू पाहतात, ती त्याच शाळेची माजी विद्यार्थिनी असून आता तेथेच शिक्षिका म्हणून आलेली असते. सकाळी मुलींना दिसतो तो बाईंचा लटकलेला मृतदेह. पुढे उलगडत जाते ते असे, की जिन-जूची आई अंगात येणारी बाई होती, एवढ्या एका कारणावरून याच बाईंनी तिला पाण्यात पाहिले होते, आणि त्यांच्या धाकाने तिच्या जिवलग मैत्रिणीनेही तिच्याकडे पाठ फिरवली होती. ती मैत्रीण म्हणजेच ही नवी शिक्षिका. तेव्हा हे भूत शाळा झपाटण्यासाठी आलेले नाही. त्याला बाक हवा आहे, हजेरीपटावर नाव हवे आहे आणि शेजारी बसणारी एक मैत्रीण हवी आहे. भुताची इतकी साधी मागणी मी तरी दुसऱ्या कोणत्या चित्रपटात पाहिलेली नाही.

मुलींनी या बाईंचे नाव ‘म्हातारी कोल्हीण’ आणि त्यांच्या जागी वर्गशिक्षक म्हणून येणाऱ्या ओ सरांचे नाव ‘पिसाळलेला कुत्रा’ असे ठेवलेले आहे. (टोपणनावे कोणत्या शाळेत नसतात? आपले कोणते, हे ज्याचे त्याला सर्वांत शेवटी कळते.) हे सर जी-ओ या चित्रे काढणाऱ्या मुलीला भर वर्गात मारतात, तो प्रसंग लेखकाने पुन्हा एकदा पाहावा. त्यात भुताचा मागमूसही नाही; आहे तो उगारलेला हात आणि खाली माना घालून बसलेला वर्ग. हेच शिक्षक पहिल्या क्रमांकाच्या मुलीशी नको तितकी सलगी करतात आणि मागे पडलेल्या मुलीला तिच्याशी तुलना करून हिणवतात. पूर्वी या दोघी मैत्रिणी होत्या. मागे पडलेली ती मुलगी पुढे आत्महत्या करते. कॉरिडॉरच्या टोकाला उभे असलेले भूत, मधले अंतर गाळल्यासारखे, एकेका झटक्यात थेट कॅमेऱ्यापुढे येते, ते दृश्य गाजले हे खरे, आणि ते दचकवतेही. पण माझ्या मते अंगावर काटा येतो तो वर्गात.

चित्रपट निर्दोष आहे, असे माझे म्हणणे नाही. मधला भाग रेंगाळतो आणि शेवटची रक्ताची उधळण बटबटीत वाटते. तरीही कोरियात तेव्हा शिक्षकांच्या संघटनेने त्यावर आक्षेप घेतला, तो रक्तामुळे नव्हे, तर शिक्षकांच्या चित्रणामुळे. चित्रपटांची प्रदर्शनपूर्व सेन्सॉरशिप तेथील घटनात्मक न्यायालयाने १९९६ मध्येच घटनाबाह्य ठरवली नसती, तर हा चित्रपट अशा स्वरूपात पडद्यावर आला असता का, याची मला शंका आहे. सोलच्या शाळांत शारीरिक शिक्षेवर बंदी आली ती २०१० मध्ये, म्हणजे प्रेक्षकांनी ओ सरांना ओळखल्यानंतर १२ वर्षांनी. आपल्याकडे शिक्षणहक्क कायद्याच्या कलम १७ ने २००९ मध्येच शारीरिक शिक्षेबरोबर मानसिक छळालाही मनाई केली आहे. परंतु गुणांवरून भर वर्गात केला जाणारा पाणउतारा हाही छळच, हे मान्य करायला आमचे अनेक सहकारी आजही तयार नसतात.

या मालिकेत २०२१ पर्यंत ६ चित्रपट झाले असून त्यांतील १९९९ चा दुसरा, दोन मुलींच्या परस्परांवरील प्रेमाविषयीचा, मला पहिल्याहून सरस वाटतो. पुरवणीत या विषयावर पुन्हा लेख येणार असेल, तर तो सध्या नववी-दहावीला शिकवणाऱ्या एखाद्या शिक्षकाकडून लिहून घ्यावा आणि त्याच्या शेजारी अकरावी-बारावीच्या एखाद्या विद्यार्थिनीचेही मत छापावे, ही विनंती.

आपली,
एक निवृत्त शिक्षिका, कोल्हापूर