मूकपटातला मिशीवाला तस्कर आणि बंदुका विकणारे

संपादक महोदय,
स.न.वि.वि.

पुरवणीतला मूकपटांवरचा लेख आवडला, पण मेक्सिकन क्रांतीच्या काळातल्या शस्त्रतस्करीच्या अमेरिकन फिल्म्सना नुसतं थरारक म्हणून सोडून दिलंय ते पटलं नाही. त्यातल्या बऱ्याच फिल्म्समध्ये वाईट माणूस म्हणजे मोठी टोपी आणि मिशीवाला मेक्सिकन, आणि त्याला पकडणारा गोरा रेंजर नाहीतर सैनिक. संवाद नसल्यामुळे चेहरा बघूनच प्रेक्षकाने ठरवायचं की हा बदमाश, आणि अख्ख्या देशाची ओळख तशीच पसरत गेली, याचा मला खरंच राग येतो.

आता प्रत्यक्षात काय चाललं होतं बघा. नोव्हेंबर 1910 मध्ये मेक्सिकोचा हुकूमशहा पोर्फिरिओ दियाझच्या विरोधात उठाव झाला आणि बंडवाल्यांना बंदुका, काडतुसं मिळत होती ती मुख्यतः अमेरिकेतून, टेक्ससमधलं एल पासो तर त्याचं मोठं केंद्रच, कारण सरहद्दीवरची रिओ ग्रांदे नदी ओलांडली की लगेच मेक्सिकोतलं हुआरेझ शहर. मे 1911 मध्ये हुआरेझमध्ये लढाई पेटली तेव्हा एल पासोचे लोक गच्च्यांवर चढून बघत होते इतकं ते जवळ. मार्च 1912 मध्ये राष्ट्राध्यक्ष टाफ्ट यांनी मेक्सिकोला शस्त्रं पाठवण्यावर बंदी आणली, फेब्रुवारी 1914 मध्ये विल्सन यांनी ती उठवली, पण मधल्या काळात माल थांबला थोडाच, बायका स्कर्टच्या आत काडतुसं लपवून पलीकडे न्यायच्या. मग विकणारे कोण होते? अमेरिकन व्यापारीच ना. तो दुकानदार पडद्यावर व्हिलन म्हणून का येत नाही, हा प्रश्न लेखात यायला हवा होता.

आणि हेच फिल्मवाले जानेवारी 1914 मध्ये क्रांतीतला बंडखोर सेनानी पांचो व्हिया याच्याशी करार करतात, म्युच्युअल फिल्म कंपनी त्याच्या लढाया शूट करते. ती फिल्म आज पूर्ण स्वरूपात मिळतच नाही. पुढे 1922 मध्ये मेक्सिको सरकारने बदनामी करणाऱ्या कंपन्यांच्या फिल्म्सवर बंदी घातली, तेव्हा कुठे हॉलिवूडला जरा जाग आली.

क्रांती मेक्सिकन कॅमेऱ्यांनीही टिपली होती. मेक्सिकन चित्रपटकार साल्वादोर तोस्कानो यांनी जमवलेल्या फुटेजमधून त्यांच्या मुलीने, कार्मेन तोस्कानोने, 1950 मध्ये माहितीपट केला. पुढच्या लेखात त्यावर सविस्तर लिहा ही विनंती.

आपला एक वाचक