रात्रीची शिकार गाजरामुळे नव्हे

संपादक महोदय,

आपल्या पुरवणीतील आहारविषयक लेखात, दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश वैमानिक गाजरे खाऊन अंधारात शत्रूची विमाने टिपत असत, हा दाखला पुन्हा वाचनात आला. ‘अ’ जीवनसत्त्वाच्या अभावी रातांधळेपणा येतो हे खरे. पण धडधाकट डोळ्यांना गाजराने रात्री अधिक दिसू लागत नाही. विमानातील रडार गुप्त राहावे म्हणून या कथेला सरकारी प्रचाराने हातभार लावला, आणि ज्यांनी ते रडार वापरण्याजोगे केले त्यांची नावे मात्र मागे पडली.

एप्रिल १९४० मध्ये इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्याजवळ टँगमेर येथे ‘फायटर इंटरसेप्शन युनिट’ ही छोटी प्रायोगिक तुकडी उभी राहिली. प्रयोगशाळेतून आलेले प्रत्येक नवे यंत्र खऱ्या हल्ल्याच्या रात्री वर नेऊन पारखायचे आणि त्यातील उणिवा शोधायच्या, हे तिचे काम. उणिवा पुष्कळ होत्या. दीड मीटर तरंगलांबीच्या त्या रडारला विमानाच्या उंचीइतक्या अंतरापलीकडचे काही दिसत नसे, कारण जमिनीवरून परतणाऱ्या लहरी सगळा पडदा व्यापून टाकीत. शत्रू फार जवळ आला की त्याची खूणही पडद्यावर वेगळी ओळखू येईनाशी होई, आणि तेथून पुढे वैमानिकाच्या डोळ्यांवरच भिस्त.

२२ जुलैच्या रात्री याच तुकडीच्या ब्लेनहाइम विमानाने एक डॉर्निअर बाँबफेकी विमान समुद्रावर पाडले. विमानातील रडारच्या साह्याने मिळालेले हे पहिले यश. वैमानिक ग्लिन ॲशफील्ड यांचे नाव निदान इतिहासाच्या पुस्तकांत सापडते. निरीक्षक जेफ्री मॉरिस आणि रडार चालवणारे सार्जंट रेजिनाल्ड लेलँड यांचा उल्लेख क्वचितच होतो. वस्तुतः त्या काळोखात पाठलाग चाले तो रडारचालकाच्या सांगण्यावर. त्याच्यापुढे दोन लहान गोल पडदे असत. रेघेच्या दोन्ही अंगांना उमटणाऱ्या फुगवट्यांची लांबी ताडून, शत्रू डावीकडे की उजवीकडे हे एकावरून आणि वर की खाली हे दुसऱ्यावरून ओळखायचे, आणि ते क्षणोक्षणी वैमानिकाला सांगत राहायचे.

पुढे अधिक ताकदीचे ब्यूफायटर विमान आले, जमिनीवरील रडार केंद्रांतून विमानाला शत्रूच्या मागे आणून सोडण्याची पद्धत बसली, आणि मगच रात्रीची लढाई भरवशाची झाली. या साऱ्याचा आपल्याशीही संबंध आहे. जानेवारी १९४३ मध्ये कोलकात्यावर रात्री चालून आलेली जपानी बाँबफेकी विमाने डमडमहून उडालेल्या अशाच रडारधारी ब्यूफायटर विमानांनी पाडली. १५ तारखेच्या एकाच रात्री तीन.

आपल्या संपादक मंडळास विनंती आहे की या लेखासंबंधी खुलासा छापावा, आणि त्यात ॲशफील्ड यांच्यासोबत मॉरिस आणि लेलँड यांचीही नावे द्यावीत.

आपला नम्र,
एक नियमित वाचक, पुणे