बाबा, रिपोर्टचे फोटो पाठवा

प्रिय आई-बाबा,
साष्टांग नमस्कार.

बाबांना चार दिवस दवाखान्यात ठेवलं होतं हे मला ते घरी आल्यावर कळलं, तेही शेजारच्या काकूंकडून. "तू एवढ्या लांब, तुझ्या जिवाला घोर कशाला?" असं आई म्हणाली. फोनवर मला पुढे बोलवेना, म्हणून लिहायला बसले.

गेल्या वर्षी तुम्ही सिडनीला आलात तेव्हा आपण ब्लॅकटाउन स्टेशनवर उतरलो होतो. आपली माणसं, आपली किराणा दुकानं बघून बाबांनी विचारलं होतं, "इथे आधी काय होतं गं?" तेव्हा मला सांगता आलं नाही. शेतं होती, बाबा. 1952 मध्ये फ्रँक लोवी नावाचा एकवीस वर्षांचा ज्यू मुलगा या देशात आला. जन्म चेकोस्लोव्हाकियातला. तो दुकानोदुकानी सॉसेज वगैरे पोचवायचा. त्या फेऱ्यांत त्याला हंगेरीहून आलेले जॉन सॉन्डर्स भेटले. दोघांनी याच स्टेशनजवळ खाण्याच्या जिनसांचं दुकान टाकलं, मग जमिनी घेऊन प्लॉट पाडले आणि 1959 मध्ये डझनभर दुकानांचं शॉपिंग सेंटर उभारलं. पश्चिम सिडनी म्हणून 'वेस्ट', शेतं म्हणून 'फिल्ड'. तेच वेस्टफिल्ड पुढे अमेरिकेत आणि लंडनला गेलं. इथल्या न्यू साउथ वेल्स विद्यापीठातलं कर्करोग संशोधन केंद्रही लोवींच्याच नावाचं आहे.

पण माझ्या मनातून जात नाही ती 1944 च्या मार्चमधली गोष्ट. हंगेरीच्या राजधानीत, बुडापेस्टमध्ये, जर्मन फौजा शिरल्या होत्या. फ्रँक तेव्हा तिथेच होता, तेरा वर्षांचा. वडील, ह्यूगो, कुटुंबाला शहराबाहेर काढायचं म्हणून तिकिटं आणायला स्टेशनवर गेले, ते परत आलेच नाहीत. पोरगा कितीतरी दिवस खिडकीत बसून वाट बघत होता.

हे वाचलं आणि मला आपली गॅलरी दिसली. मला क्लासहून यायला उशीर झाला की बाबा, तुम्ही ग्रिलला धरून उभे असायचात. मी कोपऱ्यावर वळले की तुमचा हात ग्रिलवरून खाली यायचा. एवढंच. आत गेल्यावर एक शब्द विचारायचा नाहीत.

वडिलांचं काय झालं हे लोवींना जवळजवळ पन्नास वर्षं ठाऊक नव्हतं. मग त्यांच्या मुलाला कॅलिफोर्नियात योगायोगाने एक गृहस्थ भेटले. ते ह्यूगोंबरोबर आउशवित्झच्या नाझी छळछावणीत होते. प्रार्थनेच्या शालीची पिशवी सोडायला ह्यूगोंनी नकार दिला, म्हणून पहारेकऱ्यांनी त्यांना मारमारून ठार केलं होतं. लोवींनी त्या काळातला मालगाडीचा एक डबा दुरुस्त करून घेतला. वडिलांच्या आणि हंगेरीतल्या ज्यूंच्या स्मरणार्थ तो त्याच छावणीच्या बिर्केनाऊ भागातल्या रुळांवर उभा आहे.

त्यांचं दुःख आणि आपलं हे एका मापाने मोजायचं धाडस मी करणार नाही. पण त्यांना सांगणारं कुणी नव्हतं. मला तुम्ही आहात ना? मग न सांगून माझी काळजी वाचत नाही गं आई. रोज फोनवर तुझा आवाज जरा खोल वाटला तरी मी दिवसभर तोच विचार करत बसते.

तुमच्याकडे रात्रीचे दहा म्हणजे सध्या इथे पहाटेचे अडीच. तरी फोन करा, मी उठेन. आणि बाबा, परवाच्या रिपोर्टची सगळी पानं उजेडात धरून फोटो काढा आणि आजच पाठवा. मागची पानंसुद्धा.

तुमची,
लेक