रामोन पेओन यांना वगळू नये

माननीय संपादक,
सप्रेम नमस्कार.

आपल्या रविवार पुरवणीतील क्यूबाच्या चित्रपटांविषयीचा लेख मन लावून वाचला. मात्र १९५९च्या क्रांतीआधी त्या देशात दखल घेण्याजोगा चित्रपट झालाच नाही, हे त्यातील विधान मान्य करता येत नाही. क्यूबाचे दिग्दर्शक रामोन पेओन यांचा ‘ला व्हिर्हेन दे ला कारिदाद’ हा मूकपट १९३० साली आला. त्या वेळी राष्ट्राध्यक्ष हेरार्दो माचादो यांची हुकूमशाही ऐन भरात होती. १९२४ मध्ये निवडून येऊन १९२५ मध्ये सत्तेवर बसलेल्या या गृहस्थांनी १९२८ मध्ये घटना बदलून स्वतःची मुदत वाढवून घेतली होती, विद्यार्थी नेता हुलिओ अंतोनिओ मेया याचा १९२९ च्या जानेवारीत मेक्सिको सिटीत खून झाला होता, आणि साखरेचे भाव कोसळल्यामुळे सारा देश हवालदिल होता.

अशा काळात पेओन यांनी विषय निवडला तो जमिनीचा. येयो हा तरुण शेतकरी. खोटी कागदपत्रे घेऊन आलेला एक दावेदार त्याला त्याच्याच शेतातून बेदखल करू पाहतो. साखर कारखान्यांसाठी छोट्या शेतकऱ्यांच्या हातून जमिनी जात असलेल्या क्यूबात ही गोष्ट कल्पनेतली वाटली नसणार. शेवटी मारियामातेची तसबीर भिंतीवरून खाली पडते आणि तिच्यामागे जपून ठेवलेला मूळ दस्तऐवज सापडतो. तो प्रसंग वाचताना मला आमच्या घरातील देव्हाऱ्याखालची पत्र्याची पेटी आठवली. आजोबांनी खरेदीखत आणि सातबारा त्याच पेटीत ठेवले होते, आणि पेटी उघडण्यापूर्वी ते हात धुऊन येत.

या चमत्काराला कोणी पळवाट म्हणेल, आणि तो आक्षेप मी पूर्णपणे नाकारत नाही. बाबूराव पेंटर यांनी १९२५ सालच्या ‘सावकारी पाश’मध्ये, नारायण हरी आपटे यांच्या कथेवरून, जमीन गमावलेल्या शेतकऱ्याला शहरात गिरणी कामगार होताना दाखवले, ते अधिक धीट होते, असे माझे मत आहे. परंतु पेओन यांच्या नायकाला न्याय मिळतो तो न्यायालयाच्या किंवा सरकारच्या कृपेने नव्हे, हेही ध्यानात घेतले पाहिजे. राज्यकर्त्याची स्तुती न करता, गरिबाच्या जमिनीवर कोण आणि कसा हात मारतो एवढे स्पष्ट दाखवणे, ही त्या काळात लहान गोष्ट नव्हती.

पुढे पेओन मेक्सिकोत गेले. १९३२ च्या ‘सांता’ या बोलपटाला त्यांनी दिग्दर्शन साहाय्य केले आणि १९३३ मध्ये ‘ला योरोना’ हा भयपट स्वतः दिग्दर्शित केला. त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये सार्वत्रिक संपानंतर माचादो यांना देश सोडावा लागला. पेओन १९३८ मध्ये क्यूबात परतले आणि गायिका-अभिनेत्री रिता मोंतानेर यांना घेऊन ‘एल रोमान्स देल पाल्मार’ केला.

त्या काळातील क्यूबाच्या मूकपटांपैकी बहुतेक नष्ट झाले. पूर्ण लांबीचा आणि शाबूत उरलेला म्हणून जो दाखवला जातो, तो येयोच्या जमिनीचा हा चित्रपट. तेव्हा आपल्या लेखमालेच्या पुढच्या भागात त्याला स्वतंत्र जागा मिळावी, ही विनंती.

आपला विश्वासू,
एक नियमित वाचक, सातारा