आधी दोर, मग कॅमेरा

चि. बाळ,
अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर तू म्हणालीस, ट्रेक लीड करणं कमी करून आता डोंगरावरच्या माहितीपटांचं काम धरायचंय. मी नुसतं 'हं' म्हटलं. तुला तो नकार वाटला, असं आई सांगत होती. नकार नव्हता गं. फोनवर शब्द सुचेनात, म्हणून लिहायला बसलो.

डेव्हिड ब्रीशर्स, ते डोंगर चढणारे आणि तिथेच फिल्म करणारे अमेरिकन, त्यांचं नाव तुझ्याच तोंडून पहिल्यांदा ऐकलं. मग मिळेल ते वाचत गेलो. १९८५ मध्ये ५५ वर्षांच्या डिक बास यांना त्यांनी एव्हरेस्टच्या माथ्यावर नेलं, तेही वाचलं. पण माझं मन अडकलंय ते १९९६ च्या मे महिन्यात. तेव्हा ते एव्हरेस्टवर आयमॅक्सची, म्हणजे भल्यामोठ्या पडद्यावरची फिल्म करत होते. आयमॅक्सचा कॅमेरा मुद्दाम हलका करून घेतलेला, तरी १९ किलोंच्या आसपास. एक रीळ दीड मिनिटात संपायचं. नवं भरायचं तर त्या थंडीत हातमोजे काढून, उघड्या बोटांनी. हे सगळं ओझं वर पोचलं ते शेर्पांच्या पाठीवरून.

आणि १० मेला वादळ झालं. दुसऱ्या तुकड्यांची माणसं वर अडकली. साउथ कोलवर, म्हणजे माथ्याखालच्या शेवटच्या तळाच्या खिंडीत, ब्रीशर्स यांच्या तुकडीचा ऑक्सिजन ठेवलेला होता, त्यांच्या स्वतःच्या चढाईसाठी. तो गेला तर माथा गेला, आणि माथा गेला तर फिल्म गेली. त्यांनी रेडिओवरून कळवलं: आमचा तंबू उघडा, लागेल तो घ्या. चित्रीकरण थांबवून ते स्वतः वर गेले, त्या अडकलेल्यांपैकी बेक वेदर्सना उतरवायला हात लावला. पुढे २३ मेला कॅमेरा माथ्यावर पोचलाच.

हे वाचताना मला हरिश्चंद्रगडाची ती अवघड नळीची वाट आठवली. मी तुमच्या मागेच होतो. त्या वयस्कर गृहस्थांच्या पायात गोळा आला, तेव्हा खाली बेलपाड्यावर ढग भरून आले होते, ऊन तिरपं पडलेलं. तू गळ्यातला कॅमेरा काढलास, रुमालात गुंडाळून सॅकमध्ये टाकलास आणि त्यांची पोटरी चोळत बसलीस. ढग विरून गेले. तू मान वर करून बघितलंसुद्धा नाहीस. त्या दिवशी तुझा किती अभिमान वाटला, हे तुला कधी बोललो नाही.

आणखी एक. ब्रिटिश गिर्यारोहक मॅलरींनी १९२१ मध्ये एव्हरेस्टच्या उत्तरेकडच्या रोंगबुक हिमनदीचा फोटो काढला होता. २००७ मध्ये ब्रीशर्स यांनी त्याच जागी उभं राहून पुन्हा काढला. बर्फाची जाडी सुमारे १०० मीटरनं उतरली होती. अशी जागा शोधून काढायला डोंगरात मुरलेलंच माणूस लागतं. आपल्या गडांवरची कुठली टाकी आता लवकर आटतात, हे तुझ्याइतकं कुणाला ठाऊक? तिथूनच सुरुवात कर, असं मला फार वाटतं.

पोस्टातली ठेव मार्चमध्ये सुटतेय. लेन्स कुठली हवी ते कळव, संकोच करू नकोस. आणि ज्यांच्या पाठीवर तुझं सामान जाईल, त्यांची पूर्ण नावं पहिल्याच दिवशी वहीत लिहून घे. फिल्मच्या शेवटी ती मला वाचायची आहेत.

तुझे,
बाबा