प्रोजेक्टरवाल्या दादांना, बाबांच्या वतीने

दादा, सप्रेम नमस्कार.

तुमचं नाव विचारायचं राहूनच गेलं. रविवारी जुन्या काळचा विनोदवीर बस्टर कीटनचे छोटे मूकपट दाखवलेत, तेव्हा तिसऱ्या रांगेत कडेला कानात मशीन घालून बसलेले ते माझे बाबा. ३५ वर्षं भुसावळला इंजिनं चालवली, कान त्यातच गेले. सिनेमाला नेलं की दहाव्या मिनिटाला "काय म्हणाला तो?" सुरू. म्हणून मूकपट.

याआधी एका ठिकाणी नेलं होतं. तिथे चौकोनी चित्र पडदाभर ताणलेलं, माणसं बुटकी-जाडी आणि मुंग्या चावल्यासारखी पळणारी. हाताने कॅमेऱ्याचा दांडा फिरवून, सेकंदाला बहुधा २४ पेक्षा कमी चौकटी टिपत काढलेली ही चित्रं. थोडं पळवणं त्या काळच्या विनोदवीरांनाही हवंच असायचं, पण मोजून. सरसकट सेकंदाला २४ चौकटींनी दामटलं की माणूस आपटलेला दिसतो, आपटण्याआधी क्षणभर थबकलेला दिसत नाही. हसू तर तिथंच असतं! सांगायला गेले, तर "जुने सिनेमे असेच असतात हो." बाबा झोपले.

तुमच्याकडे १९२० सालचा 'वन वीक' होता. नव्या जोडप्याचं खोक्यांतून आलेलं घर, खोक्यांचे नंबर कुणीतरी खोडसाळपणे बदललेले. ते वाकडंतिकडं घर शेवटी रुळांवर अडकतं, आणि नेमके तेव्हा बाबा बाथरूमला. परत आले तर घराच्या फळ्या झालेल्या, हॉल हसून लोळतोय. बाबाही हसले, सगळे हसतात म्हणून. ते हसणं मी ओळखते. चारपाच वर्षं घरातल्या कार्यक्रमांत ते तसंच हसतात.

तुम्ही ते कसं हेरलंत कोण जाणे. लोक उठले, दिवे लागले, आणि तुम्ही दारात येऊन बाबांना हातानंच 'बसा' अशी खूण केलीत. पुन्हा अंधार. फक्त शेवटची दोन मिनिटं. झाडायला आलेल्या मावशीही केरसुणी धरून थांबल्या.

गाडी येते, दोघं डोळे झाकतात, गाडी शेजारच्या रुळावरून निघून जाते. "अरे, मग घर मोडलं कशानं?" बाबा मोठ्यानं म्हणाले, आणि तेवढ्यात उलट दिशेनं दुसरी गाडी! "डबल लाइन!" मांडीवर थाप मारून इतके हसले, की कानातलं मशीन शिट्टी मारायला लागलं.

घरी जायची वेळ झाल्यावरही एका माणसासाठी थांबणारी माणसं असतात. बोर्डावर त्यांचं नाव नसतं, एवढंच.

परवापासून बाबा ताटाशेजारी काडेपेटीचं घर मांडून येईल त्याला दोन्ही गाड्या दाखवतायत. पहिली मुद्दाम सावकाश आणतात.

तिसऱ्या रांगेतल्या बाबांची मुलगी